दादांच्या खोलीचा सेट

१० जून १९८१

वहिनी,

तुम्हाला नमस्कार. दादा आसपास असतील तर त्यांनाही, पण पत्र त्यांच्या हातात पडू देऊ नका.

बातमी चांगली आहे. माझी पटकथा शेवटी कुणीतरी सिनेमा करायला घेतली. तुम्ही म्हणाल, भाऊजी, तुम्ही इतकी वर्षं सिनेमातच आहात ना, मग यात नवं ते काय? मी लेखक व्हायला घर सोडलं हे सगळ्या गल्लीला माहीत आहे. पण पहिल्याच स्टुडिओत मला कुणीतरी विचारलं, चित्र काढता येतं का, आणि मी मूर्खासारखं हो म्हणालो. तेव्हापासून मी लेखक म्हणून दारातून आत शिरतो आणि सुतारांच्या खोलीत जाऊन पडतो. एका सिनेमासाठी मी जिन्यावरचं भांडण लिहिलं आणि त्यासाठी जिनाही काढून दिला. दिग्दर्शकाला जिना फार आवडला. भांडण काढून टाकलं आणि तिथे गाणं घेतलं. दुसऱ्यात माझं एकच वाक्य राहिलं होतं, तेही नायिकेचा घसा बसला म्हणून गेलं. ती ज्या कपाटाला टेकून गप्प उभी राहिली ते कपाट मात्र माझं होतं. बाहेर लोक मला कपाटवाला म्हणतात.

आता एक दिग्दर्शक भेटला आहे. तो अंधाऱ्या खोलीतही काळा चष्मा काढत नाही, म्हणून त्याला सगळे गॉगल म्हणतात. त्याला माझी गोष्ट आवडली. निवृत्त पोस्टमास्तर आहे, फार काटेकोर, त्यातून होणाऱ्या गमती. आपल्या ओळखीतला कुणी नाही. गॉगलची एकच अट आहे, की म्हाताऱ्याची खोली शंभर टक्के खरी वाटली पाहिजे. सेट जमला तर सिनेमा, नाहीतर पुन्हा कपाटं.

बाकी काही विशेष नाही. हल्ली घरची आठवण फार येते. दादांच्या खोलीत कुठे काय असतं, ते जरा सविस्तर कळवाल का? जमल्यास मापांसह. नुसतीच आठवण म्हणून.

तुमचा धाकटा दीर

२४ जून

भाऊजी,

तुमचं पत्र वाचून माझ्या डोळ्यांत पाणीच आलं. इतक्या वर्षांनी तुम्हाला घर आठवलं, तेही ह्यांच्या खोलीपासून. मी ह्यांना नुसतं म्हटलं, भाऊजींचं पत्र आलंय, तर हे म्हणाले, त्याच्या पत्राला वजन नसतं. तरी रात्री पाकीट उचलून हातात तोलताना मी पाहिलं.

तुमचं कपाट आम्ही दोघांनी पाहिलं बरं का. मागच्या महिन्यात तो सिनेमा इथे आला होता, नेपथ्याला तुमचं नाव होतं. ती बाई त्याला टेकली तेव्हा मी ह्यांना कोपराने ढोसलं. हे म्हणाले, दार एका बाजूला उतरलंय. बाहेर आल्यावर मात्र पानवाल्याला सांगत होते, कपाट आमच्या धाकट्याचं.

आता खोली. वजनमापे निरीक्षकाची नोकरी संपली तरी ह्यांची तपासणी काही संपत नाही. टेबलावर तराजू, त्याच्या शेजारी वजनांची मखमलीची पेटी. मोरीतल्या साबणावर रोज संपायच्या हिशोबाने रेघा मारलेल्या. दोऱ्याचं नवं रीळ आणलं की खोलीच्या या टोकापासून त्या टोकापर्यंत उलगडून बघतात आणि मग मला गुंडाळायला बसवतात. शेजारच्या टेलरची फीत महिन्यातून एकदा ह्यांच्या फितीला लावून पाहतात. टेलर बिचारा हातातलं काम टाकून फीत पुढे करतो. मी डोळ्यांच्या मापाने मीठ टाकलं तर म्हणतात, अंदाज म्हणजे आळस. हे वाक्य तर तुम्हीही पुष्कळ ऐकलं असेल.

मापंही घेतली, हे न्हाव्याकडे गेले असताना. पण न्हाव्याचं दुकान बंद होतं. हे परत आले तेव्हा मी पलंगाखाली होते. पडद्यांसाठी मोजतेय म्हटलं. ह्यांनी माझ्या हातातली फीत घेतली आणि सरळ गुंडाळून ठेवली.

इतकी आठवण येते तर एकदा येऊन जा ना.

वहिनी

२ जुलै

चिरंजीवास,

तुझ्या वहिनीने माझ्या खोलीची मापं घेतली. विचारल्यावर पडद्याचं कारण सांगण्यात आलं. खोलीला एकच खिडकी आहे आणि तिच्या पडद्यासाठी कुणी पलंगाची लांबी मोजत नाही. त्याआधी तुझं पत्र आलं होतं. दोन्ही गोष्टी एकत्र ठेवल्यावर अर्थ उघड आहे.

घर आपल्या दोघांच्या नावावर आहे. तुला वाटणी हवी असेल तर सरळ मला विचारायचं होतंस, बायकांना पलंगाखाली घालायचं कारण नव्हतं. मापं घेण्याचं काम ज्याचं त्याने करावं. मी ते पुन्हा, योग्य पद्धतीने केलं आहे. सोबत नकाशा पाठवत आहे. भिंतींची जाडी, कोनाडे, खुंट्या, दारं कुठल्या बाजूला उघडतात, सगळं दाखवलं आहे. लाल शाईची रेषा घराचे दोन सारखे भाग करते. ती माझ्या पलंगावरून जाते, त्याला इलाज नाही. पलंग मी हलवणार नाही आणि रेषाही हलवणार नाही.

उजवीकडचा भाग तुझा. सही करून पाठव. तब्येतीची काळजी घे.

दादा

१५ जुलै

वहिनी,

मी पार अडकलो आहे. दादांनी मला घराच्या वाटणीचा नकाशा पाठवला आहे. तुम्हाला हे माहीत आहे का, हे मला माहीत नाही. मी त्यांना उलट टपाली कळवलं की मला वाटणी नको, मला काहीच नको. पण मापं कशाला हवी होती ते लिहायची हिंमत झाली नाही. तुम्हाला सांगतो.

सिनेमातला पोस्टमास्तर म्हणजे दादा आहेत. ओळखीतला कुणी नाही असं मी लिहिलं, ते खोटं होतं. वर्षानुवर्षं मी नाटकी माणसं लिहीत होतो आणि ती कुणी घेत नव्हतं. एके दिवशी वैतागून दादांचं दोऱ्याचं रीळ लिहिलं. गॉगलने ते वाचलं आणि पहिल्यांदा चष्मा काढला.

आता पंचाईत बघा. आई-वडिलांमागे दादांनी मला वाढवलं, शिकवलं, आणि मी सिनेमात जातो म्हटल्यावर तोंड फिरवलं तरी ट्रंक स्टेशनवर स्वतः उचलून नेली. त्याच माणसावर मी आता गावोगावच्या लोकांना हसवायला निघालो आहे. त्यांना हे कळलं आणि लागलं, तर मला दुसरं घर नाही. मला वाटणी नको आहे, वहिनी, पण ते घर हवं आहे.

आणि तो नकाशा. मी तो लपवायला हवा होता. पण असा नकाशा माझ्या अख्ख्या कारकिर्दीत कुणी काढून दिला नव्हता. खुंटीला किती उतार आहे तोही त्यात आहे. गॉगलने टेबलावर पाहिला आणि सरळ सुतारांकडे नेला. काल सेट उभा राहिला. मी आत गेलो आणि सवयीने चपला बाहेर काढल्या.

मी वेषांतर भरपूर केलं आहे. पोस्टमास्तर केला, मिशा लावल्या, आणि कुणाला शंका येऊ नये म्हणून तो विधुर दाखवला आहे.

धाकटा

२८ जुलै

भाऊजी,

तुम्ही मला मारून टाकलंत?

मी पलंगाखाली गेले, धुळीने मला शिंका आल्या, ह्यांच्याशी खोटं बोलले, आणि तुम्ही तिकडे मला मारून मोकळे झालात. कशाने मेले मी? आजाराने की अशीच? ह्या माणसाबरोबर इतकी वर्षं संसार कुणी केला? ते रीळ कोण गुंडाळतं? तुमच्या म्हाताऱ्याचं रीळ आता कोण गुंडाळणार आहे, ते मला कळवा. निदान भिंतीवर माझा फोटो तरी असू द्या. आणि फोटोतली बाई दिसायला बरी असावी.

इथला प्रकार ऐका. तुमचं वाटणी नको असं पत्र आलं. कुणाला हक्काचं घर नको असतं, यावर ह्यांचा विश्वासच बसेना. शेवटी ठरवलं, की नकाशात तुम्हाला चूक सापडली असणार आणि भिडेपोटी तुम्ही बोलत नाही. मग टेलरला फितीचं एक टोक धरायला लावून पुन्हा सगळं घर मोजलं. मागच्या भिंतीच्या जाडीत केसभर फरक निघाला. हे दिवसभर खुशीत होते.

चेष्टा पुरे. मी रात्रभर विचार केला. हे कुणाला बोलून दाखवत नाहीत, पण ह्यांना लागतं. निवृत्तीच्या दिवशी ऑफिसातल्या पोरांनी ह्यांची नक्कल केली होती. हे तिथे हसले, आणि घरी येऊन दोन दिवस जेवले नाहीत. तेव्हा मला सरळ सांगा. लोक ह्यांना हसतील, की ह्यांच्याबरोबर हसतील? तुम्ही लेखक आहात, तुम्हाला ठाऊक असायला हवं.

वहिनी

३ ऑक्टोबर

वहिनी,

तुमच्या प्रश्नाचं उत्तर शोधत होतो म्हणून उशीर झाला. उत्तर अजून सापडलेलं नाही. लोक काय करतील ते थिएटरात बसल्याशिवाय कळत नाही. माझ्यापुरतं म्हणाल तर लिहिताना मी हसलोही आणि दोनदा लिहायचं थांबून बसलोही.

चित्रीकरण चालू आहे. दादांना वाचवायचे सगळे प्रयत्न करून झाले. रोज सकाळी मी लेखक म्हणून एखादी ओळखीची गोष्ट खोडतो आणि दुपारी नेपथ्यकार म्हणून तीच खोलीत मांडलेली असते. अंदाज म्हणजे आळस हे वाक्य काढलं. गॉगलने परत घातलं. साबणावरच्या रेघांचा प्रसंग काढला, तर म्हाताऱ्याचं काम करणारा नट मोरीत गेला, रेघा मारलेला साबण त्याला दिसला आणि त्याने प्रसंग आपणहून केला. तो साबण मीच ठेवला होता. कॅमेरा मोरीत जाणारच नव्हता, तरी ठेवला. माझा हातच ऐकत नाही. टेबलाचे खण कुणी उघडणार नव्हतं, तरी मी त्यांत दादा ठेवतात तशी जुनी पाकिटं कापून, पाठकोरी करून ठेवली. नट आता रिकाम्या वेळातही त्याच खुर्चीत बसतो आणि चहावाल्याला कप कमी भरलाय म्हणून परत पाठवतो.

फोटो लावला आहे. बाई चांगली देखणी आहे. रीळ म्हातारा स्वतःच गुंडाळतो आणि मध्येच फोटोकडे बघून थांबतो. तो प्रसंग तुमच्या पत्रानंतर लिहिला.

एक उपाय मला सुचला आहे. पडद्यावर लेखक म्हणून माझं नाव प्रथमच येणार आहे. ते मी काढायला सांगतो, दुसरं काहीतरी टोपणनाव टाकतो. मग दादांनी चुकून पाहिलाच, तर म्हणतील, कुणीतरी परक्याने लिहिलंय. नेपथ्याला माझं नाव राहील, तेवढं पुरे. ह्या नावासाठी मी घर सोडलं होतं, पण घर जाणार असेल तर नाव घेऊन काय करू? तुम्ही हो म्हणालात तर उद्याच सांगतो.

धाकटा

९ ऑक्टोबर

भाऊजी,

नाव काढलंत तर मी स्वतः ह्यांचा हात धरून सिनेमाला नेईन आणि शेजारी बसून एकेक गोष्ट समजावून सांगेन. नाव राहू द्या. ह्यांना थिएटरपासून लांब ठेवायचं काम माझ्याकडे लागलं. मेलेल्या बायकोला तेवढं करता येतं.

वहिनी

२१ फेब्रुवारी १९८२

भाऊजी,

सिनेमा इथे लागून पंधरवडा झाला, आणि तो ह्यांनी पाहिलेला नाही. आधी माझी पाठ थोपटा, मग पुढे वाचा.

सोपं नव्हतं. पहिल्या दिवशी मी सांगितलं, थिएटरात ढेकूण झालेत. दुसऱ्या दिवशी सांगितलं, पंखे बंद आहेत. तिसऱ्या दिवशी मात्र माझी जीभ घसरली. मी म्हटलं, जाहिरातीत सांगतात त्यापेक्षा सिनेमा आखूड आहे म्हणे. ह्यांनी वर्तमानपत्र खाली ठेवलं आणि म्हणाले, मग तर तपासायलाच हवं. घाईघाईने मी सांगितलं की मशीन बिघडून खेळच बंद आहेत. सुटले एकदाची.

गल्लीत मात्र सगळ्यांनी पाहिलाय. टेलर दोनदा जाऊन आला. आता गिऱ्हाइकाने बाही जरा अंदाजाने ठेवा म्हटलं की तो ओरडतो, अंदाज म्हणजे आळस. हे खिडकीतून ऐकतात आणि मला म्हणतात, बघ, टेलर सुधारला. त्यांना वाटतं त्यांच्या शिकवणीचा परिणाम आहे. पानवाला ह्यांना पाहून हल्ली उठून उभा राहतो. भाजीवाली तर न सांगता काटा दोनदा दाखवते. हे म्हणतात, गावात एकदम शिस्त आली आहे.

मी पाहिला तो, बहिणीकडे जाते सांगून. तुमचं नाव आलं तेव्हा मी एकटीनेच टाळ्या वाजवल्या, मागून कुणीतरी बसा म्हणालं. मग हसता हसता माझी पुरेवाट झाली. आणि तो म्हातारा रीळ गुंडाळताना माझ्या फोटोसमोर थांबला, तेव्हा मला इतकं रडू आलं की मी आहे ना इथे, असं ओरडावंसं वाटलं. घरी येऊन ह्यांना विनाकारण चहा दिला. आता मला वाटायला लागलंय की ह्यांना दाखवायला काय हरकत आहे? पण धीर होत नाही.

ह्यांची तब्येत तेवढी ठीक नाही. परवा दुपारी टेलरकडे फीत तपासायला म्हणून गेले, ते दिवेलागणीला आले. छत्री कुठेतरी विसरले. हे आजवर कधी काही विसरलेले नाहीत. पानात वाढलेलं तसंच ठेवलं. पोट बिघडलं असणार, मी ओवा दिला. काळजी करू नका.

वहिनी

२३ फेब्रुवारी

चिरंजीवास,

सिनेमा पाहिला. दुपारच्या खेळाला, मागच्या रांगेत बसून. तुझी वहिनी मशीन बिघडल्याचं सांगत होती, पण थिएटरचं मशीन मला रोज खिडकीतून ऐकू येतं. घरी टेलरकडे जातो म्हणून सांगितलं. तिच्याशी मी पहिल्यांदाच खोटं बोललो आणि ते जमलं.

लांबी जाहिरातीत सांगितल्याप्रमाणे भरली, तक्रार नाही. खोली बरोबर आहे. खिडकी तू वाढवली आहेस. ते कॅमेऱ्याच्या सोयीसाठी असेल, पण विचारायला हवं होतंस. नावांच्या पाट्यांत तुझं नाव दोनदा आलं. नकाशा काढणाऱ्याचं कुठेच नाही.

खोली पडद्यावर आली तेव्हाच मला समजलं की तुला वाटणी नको होती. हे आधी कळवलं असतंस तर बरं झालं असतं. त्या लाल रेषेपासून मी पलंगाच्या माझ्या अर्ध्यावरच झोपत आलो आहे.

मग लोक हसायला लागले. साबणावर रेघ मारली तेव्हा माझ्या पुढचा माणूस इतका हसला की त्याची टोपी माझ्या पायाशी पडली. मला राग आला. तुझा आला. छत्री घेऊन उठलो सुद्धा. पण तिकीट पूर्ण सिनेमाचं होतं, म्हणून बसलो.

शेवटी त्या पोस्टमास्तरचा धाकटा भाऊ घरी येतो. म्हातारा उठतो. दुधाचं माप बाजूला ठेवतो आणि पातेलं उचलून सरळ त्याच्या पेल्यात ओततो, सांडेपर्यंत. मी मनात म्हटलं, हे साफ खोटं आहे, मी असं कधी करणार नाही. आणि मग आठवलं. आई गेली त्या वर्षी तू जेवत नव्हतास. दूध मी मापानेच देत असे, पण माप भरल्यावर हात जरा तसाच राहू देत असे. तू कोपऱ्यात चित्रं काढत बसलेला असायचास, तुझं लक्ष नव्हतं. तू ते पाहिलेलं नाहीस आणि मी कुणाला सांगितलेलं नाही. तरी तू ते लिहिलंस. कसं, ते मला समजत नाही. तुझ्या कामात ते समजून घ्यायचं नसतं, असं असेल.

पुढचा माणूस तोवर हसायचा थांबला होता आणि टोपीने डोळे पुसत होता. एवढी अनोळखी माणसं माझ्यावर माया करतील असं मला कधी वाटलं नव्हतं. ती तुझी माया होती, त्यांच्याकडून परत आली, एवढं मला कळतं. मला वाईट वाटलेलं नाही. घरी ये. सगळं घर तुझं आहे.

त्या दिवशी ओवा खावा लागला.

मी पुन्हा जाणार आहे, तुझ्या वहिनीबरोबर. तिला तो मला दाखवायचा आहे पण धीर होत नाही, हे मला दिसतं. तिचा धीर होईपर्यंत मी वाट बघेन आणि मग पहिल्यांदाच बघत असल्यासारखं तोंड करून तिच्या शेजारी बसेन. तूही बोलू नकोस.

दादा